दुशान वुकोतिच : टंचाईची रेषा आणि निवडीची रेषा

अॅनिमेशनपटांचा इतिहास सांगणारी पुस्तके झाग्रेब शहरापाशी पोहोचली की बहुधा एक ठराविक गोष्ट सांगतात. दुसऱ्या महायुद्धानंतरच्या युगोस्लाव्हियात काही तरुण व्यंगचित्रकार एकत्र आले. त्यांच्यापाशी पैसा नव्हता, चित्रे रंगवायचे पारदर्शक सेल्युलॉइड महाग आणि दुर्मीळ होते, ही कला शिकवणारे कोणी नव्हते. म्हणून त्यांनी कमी चित्रांत भागवले आणि त्या भागवण्यातून एक नवी शैली जन्माला आली. ही गोष्ट खोटी नाही, पण ती अर्धी आहे. गरीब स्टुडिओ जगात पुष्कळ होते आणि त्या सर्वांनी काही शैली निर्माण केली नाही. कमी चित्रांत भागवणे ही पुष्कळदा केवळ तडजोड असते, आणि पाहणाऱ्याला ती तडजोड म्हणूनच दिसते. मग झाग्रेबमध्ये या तडजोडीचे रूपांतर एका कलाविचारात कसे झाले?

शैली परिस्थितीतून येते की निवडीतून, हा प्रश्न साहित्याच्या अभ्यासकांनाही परका नाही. मासिकाच्या चार पानांत बसवायची म्हणून लघुकथा आखूड झाली, असे म्हणून लघुकथेचे रूप उलगडत नाही. या प्रश्नाचा विचार करण्यासाठी दुशान वुकोतिच या दिग्दर्शकाच्या कारकिर्दीइतके सोयीचे उदाहरण क्वचित सापडेल. तिच्यात टंचाईही आहे, सुबत्ताही आहे, आणि दोन्ही काळांत टिकून राहिलेला एक ध्यासही आहे.

वुकोतिच यांचा जन्म ७ फेब्रुवारी १९२७ रोजी हर्झेगोव्हिनातील बिलेचा या गावी झाला. घराणे मूळचे माँटेनेग्रोचे. उच्च शिक्षणासाठी ते झाग्रेबला आले आणि त्यांनी स्थापत्यशास्त्राचा अभ्यास केला. पुढे ते याच शहराचे झाले. त्यांच्या चित्रपटांतील घरे, रस्ते आणि समुद्रकिनारे पाहताना या अभ्यासाची आठवण ठेवावी. त्यांच्या चित्रचौकटीत सजावटीला फारशी जागा नसते. तिथे असते ती आखणी.

त्यांची खरी शाळा मात्र ‘केरेम्पुह’ हे विनोदी साप्ताहिक होती. लोककथांतील पेत्रित्सा केरेम्पुह या बेरकी विदूषकाचे नाव घेतलेल्या या नियतकालिकाभोवती झाग्रेबमधील तरुण व्यंगचित्रकार जमले होते आणि त्याची धुरा फादिल हाजिच यांच्याकडे होती. काळ मोठा विलक्षण होता. १९४८ मध्ये टिटो आणि स्टालिन यांच्यात फूट पडली आणि युगोस्लाव्हिया सोव्हिएत गोटातून बाहेर फेकला गेला. या संघर्षावर उपहासात्मक अॅनिमेशनपट काढावा, अशी कल्पना हाजिच यांनी उचलून धरली आणि वॉल्टर व नॉर्बर्ट नॉयगेबाउअर या बंधूंच्या साथीने ‘वेलिकी मितिंग’ (महासभा) हा चित्रपट १९५१ मध्ये पूर्ण झाला. त्याच्या यशामुळे त्याच वर्षी ‘दुगा फिल्म’ हा अॅनिमेशनचा स्वतंत्र स्टुडिओ स्थापन झाला. दुगा म्हणजे इंद्रधनुष्य. वुकोतिच यांनी ‘काको से रोदियो कीचो’ (कीचोचा जन्म कसा झाला, १९५१) हा आपला पहिला चित्रपट इथेच केला.

हे इंद्रधनुष्य एका वर्षातच मावळले. आर्थिक काटकसरीच्या धोरणात १९५२ मध्ये दुगा फिल्म बंद झाला. या पहिल्या पर्वातील चित्रपटांचा आदर्श डिस्नेचा होता, हे इथे नोंदवायला हवे. गोल, लवचीक आकृत्या, अखंड वाहणारी हालचाल आणि प्रत्येक अवयवाचे स्वतंत्र चलनवलन हे त्या आदर्शाचे विशेष. चित्रपट सेकंदाला २४ चौकटींच्या वेगाने चालतो. प्रत्येक चित्र दोन चौकटी दाखवले तरी सेकंदाला १२ चित्रे लागतात आणि दहा मिनिटांच्या लघुपटासाठी हा आकडा ७,२०० वर जातो. पडद्यावर दोन-तीन पात्रे असली की तो आणखी वाढतो. ज्या देशात कागदाचीही चणचण होती, तिथे हा आदर्श परवडणारा नव्हता.

स्टुडिओ गेल्यावर वुकोतिच, निकोला कोस्तेलाच, चित्रकार अलेक्सांदर मार्क्स, अॅनिमेटर व्लादिमिर युत्रिशा आणि त्यांचे काही सहकारी जाहिरातपटांकडे वळले. जाहिरातपट छोटा असतो, त्याला एकच मुद्दा सांगायचा असतो आणि त्याचा खर्च मोजूनमापून करावा लागतो. इथे या मंडळींनी चित्रे कमी केली, पार्श्वभूमी सपाट ठेवली, आकृत्या भौमितिक केल्या. याच सुमारास ‘द फोर पोस्टर’ (१९५२) हा अमेरिकन चित्रपट त्यांच्या पाहण्यात आला. त्यातील अॅनिमेशनचे तुकडे यूपीए या स्टुडिओने केले होते. १९४१ च्या संपानंतर डिस्नेमधून बाहेर पडलेल्या कलावंतांच्या पुढाकारातून उभ्या राहिलेल्या या संस्थेने आधुनिक चित्रकलेची रेषा अॅनिमेशनमध्ये आणली होती.

या टप्प्यावर ‘टंचाईतून शैली’ ही गोष्ट अपुरी पडू लागते. झाग्रेबच्या मंडळींना यूपीएच्या कामात दिसले ते असे, की कमी हालचाल हा दोष असलाच पाहिजे असे नाही. यूपीए काही दरिद्री देशातील संस्था नव्हती. तिने साधी रेषा निवडली होती. म्हणजे परिस्थितीने झाग्रेबपुढे जे वाढून ठेवले होते, ते स्वेच्छेने स्वीकारण्याजोगे आहे, हे त्यांना दुसऱ्याच्या निवडीतून कळले. नाइलाजाचे निवडीत रूपांतर होण्याचा हा क्षण आहे, आणि कोणत्याही शैलीच्या इतिहासात तो शोधावा लागतो.

झाग्रेब फिल्म या १९५३ मध्ये स्थापन झालेल्या संस्थेत १९५६ साली अॅनिमेशन विभाग सुरू झाला आणि वुकोतिच यांचा ‘नेस्ताश्नी रोबोट’ (खोडकर यंत्रमानव) हा त्याचा पहिला चित्रपट ठरला. त्यानंतरच्या चार वर्षांत त्यांनी झपाट्याने काम केले. ‘काउबॉय जिमी’ (१९५७) मध्ये वेस्टर्नपटांचे विडंबन आहे, ‘वेलिकी स्ट्राह’ (मोठे भय, १९५८) मध्ये भयपटांचे आणि ‘कोन्सेर्त झा माशिन्स्कू पुश्कू’ (मशीनगनसाठी मैफल, १९५८) मध्ये गुंडपटांचे.

या विडंबनांना ‘हॉलिवूडची टिंगल’ म्हणून सोडून देणे सोपे आहे. पण त्यांत वुकोतिच यांचा पुढील सर्व ध्यास बीजरूपाने आहे. ‘काउबॉय जिमी’मधील नायक पडद्यावरून खाली, त्याच्या पराक्रमावर लुब्ध असलेल्या मुलांच्या जगात येऊन पडतो आणि तिथे त्याची फजिती होते. पडद्यावर जे शौर्य होते ते पडद्याबाहेर निरुपयोगी ठरते. खरे काय आणि खऱ्याच्या जागी आणून बसवलेले काय, हा प्रश्न इथे प्रथम स्पष्टपणे येतो. पुढे तो त्यांची पाठ सोडत नाही.

साहित्याच्या विद्यार्थ्यांसाठी १९५८ चा ‘ओस्वेत्निक’ (सूड घेणारा) विशेष महत्त्वाचा आहे, कारण तो चेखवच्या त्याच नावाच्या कथेवर आधारलेला आहे. फसवला गेलेला एक नवरा पिस्तूल विकत घेण्यासाठी बंदुकांच्या दुकानात जातो. कोणाला मारावे, स्वतःला, पत्नीला की तिच्या प्रियकराला, या विचारात तो एकेक शस्त्र हाताळत राहतो. विक्रेता उत्साहाने माल दाखवत असतो. अखेर पिस्तूल न घेताच कसे निघावे या संकोचापायी तो लावे पकडायचे जाळे विकत घेऊन बाहेर पडतो. चेखवच्या कथेत शोकांतिका घडत नाही. ती मनातल्या मनात पुनःपुन्हा रचली जाते आणि मोडते. अशी कथा अॅनिमेशनसाठी घेणे हीच मुळात एक भूमिका आहे. बोलणारे प्राणी आणि पाठलाग यांच्यापलीकडे, प्रौढ माणसाच्या मनातील हास्यास्पद कोपरा हाही या माध्यमाचा विषय होऊ शकतो, असे ती सांगते. चेखवची मितव्ययी वाक्यरचना आणि वुकोतिच यांची मितव्ययी रेषा यांचे नाते मला केवळ योगायोगाचे वाटत नाही. दोघेही तपशील गाळतात, आणि गाळलेल्या जागी वाचकाला अथवा प्रेक्षकाला उभे करतात.

१९५८ मध्येच कान महोत्सवात झाग्रेबचे चित्रपट दाखवले गेले आणि झॉर्झ सादूल, आंद्रे मार्तँ या फ्रेंच समीक्षकांच्या लेखनातून ‘झाग्रेब स्कूल’ हे नाव रूढ झाले. साहित्यातील संप्रदायांप्रमाणेच या नावाकडेही थोडे सावधपणे पाहिले पाहिजे. वात्रोस्लाव मिमित्सा यांचा ‘सामाच’ (एकटा, १९५८) आधुनिक शहरातील एकाकीपणा मांडतो. व्लादो क्रिस्टल यांचा ‘डॉन किहोट’ (१९६१) सर्व्हांटिसच्या नायकाला जवळजवळ अमूर्त आकारांपर्यंत नेतो. वुकोतिच यांची वृत्ती या दोघांहून निराळी आहे. त्यांना गोष्ट सांगायची असते, प्रेक्षकाला हसवायचे असते आणि हसता हसता अडचणीत टाकायचे असते. या कलावंतांना जोडणारा दुवा एकाच वळणाच्या रेषेत सापडणार नाही. चित्राने वास्तवाची नक्कल करू नये, त्याने चित्रच राहावे, हा त्यांचा समान आग्रह होता.

१९५९ च्या ‘पिकोलो’मध्ये एका घरात गुण्यागोविंदाने राहणारे दोन शेजारी आहेत. त्यांपैकी एक जण एक छोटेसे वाद्य घेऊन येतो. दुसरा त्याहून मोठ्या आवाजाचे वाद्य आणतो. मग चढाओढ सुरू होते आणि शेवट विध्वंसात होतो. शस्त्रस्पर्धेच्या त्या वर्षांत हे रूपक कोणालाही समजावून सांगावे लागले नसेल. त्याच वर्षीच्या ‘क्रावा ना म्येसेत्सू’ (चंद्रावरची गाय) मध्ये एक मुलगी अग्निबाण बनवते आणि तिला त्रास देणाऱ्या मुलाला तो चंद्रावर पोहोचल्याचा भास निर्माण करून फसवते. सोव्हिएत यान चंद्रावर आदळले तेही याच वर्षी. महासत्तांची अवकाशस्पर्धा इथे अंगणातल्या खेळाच्या मापाची झाली आहे. पुन्हा तेच सूत्र : खऱ्या चंद्राच्या जागी बनावट चंद्र, आणि त्याला भुलणारा एक जण.

या सर्व धाग्यांची गाठ ‘सुरोगात’ (१९६१) या सुमारे दहा मिनिटांच्या चित्रपटात बांधली गेली. सुरोगात म्हणजे खऱ्याच्या जागी वापरलेली बदली वस्तू. पटकथा रुडोल्फ स्रेमेत्स यांची आणि संगीत तोमिस्लाव सिमोविच यांचे. संवाद जवळपास नाहीतच.

एक स्थूल, त्रिकोणी आकाराचा गृहस्थ गाडीतून समुद्रकिनारी येतो. त्याच्याजवळ रबरी चकत्यांसारख्या सपाट वस्तू आहेत. एकेक वस्तू तो हवा भरून फुगवतो. तंबू फुगवतो, गादी फुगवतो, सहलीला लागणारे सारे साहित्य फुगवतो. मग एक स्त्री फुगवतो. ही स्त्री त्याच्या हवेने उभी राहिलेली असली तरी त्याची होत नाही. ती दुसऱ्याच पुरुषाकडे आकृष्ट होते. चिडलेला गृहस्थ शार्क मासा फुगवून त्या दोघांच्या मागे सोडतो. अखेरीस तो सर्व वस्तूंमधली हवा काढून टाकतो, पसारा गुंडाळतो आणि परत निघतो. वाटेत एक खिळा असतो. गाडी त्यावरून जाते आणि तिच्यातली हवा जाते. मग त्या गृहस्थातलीही जाते. इतका वेळ जग फुगवणारा हा माणूस स्वतःही फुगवलेलाच होता.

या कथेवर उपभोगवादी समाजाची टीका म्हणून पुष्कळ लिहिले गेले आहे, आणि ते योग्यच आहे. मात्र तेवढ्यावर थांबले तर चित्रपटाचे निम्मे बळ हातातून निसटते. हा चित्रपट सपाट, भौमितिक, खोली नसलेल्या चित्रशैलीत काढलेला आहे. गृहस्थ म्हणजे एक त्रिकोण, समुद्र म्हणजे रंगाचा एक पट्टा. डिस्नेच्या पद्धतीने, गोलाई आणि छायाप्रकाश देऊन हीच कथा काढली असती तर काय झाले असते? शेवटचा खिळा ही केवळ एक गमतीदार कलाटणी ठरली असती. इथे मात्र आपण सुरुवातीपासून एका सपाट आकाराला माणूस मानत आलो आहोत. चित्रपटाने आपल्याला कधीही फसवले नव्हते. हा कागदावरचा आकार आहे, हे तो उघडपणे सांगत होता. तरीही आपण त्या आकारात जीव भरला. म्हणजे हवा भरणारे आपणही होतो. खिळा लागतो तो आपल्या या भाबडेपणाला. कमी रेषांची शैली इथे खर्च वाचवत नाही, ती आशयाचे काम करते. टंचाईने जन्मलेले तंत्र या चित्रपटात अपरिहार्य होते, आणि माझ्या मते हाच वुकोतिच यांचा खरा पराक्रम आहे.

‘सुरोगात’ कोणावर टीका करतो, याचेही उत्तर एकेरी नाही. ज्या वर्षी हा चित्रपट आला त्याच वर्षी, सप्टेंबर १९६१ मध्ये, बेलग्रेड येथे अलिप्त राष्ट्रांची पहिली शिखर परिषद भरली. नेहरू, नासर आणि टिटो हे तिच्यातील अग्रणी होते. दोन्ही गटांपासून अंतर राखणाऱ्या या देशात पाश्चात्त्य पद्धतीच्या ग्राहकवस्तू येऊ लागल्या होत्या आणि आड्रियाटिक किनाऱ्यावर पर्यटन वाढत होते. त्रिकोणी गृहस्थ अमेरिकन असेल, तसाच तो झाग्रेबमध्ये नुकतीच गाडी घेतलेला मध्यमवर्गीयही असेल. त्याच्या पाठीवर कोणत्याही देशाचे नाव नाही. म्हणूनच तो दोन्ही बाजूंना ओळखीचा वाटला.

९ एप्रिल १९६२ रोजी ‘सुरोगात’ला सर्वोत्कृष्ट अॅनिमेशन लघुपटाचे ऑस्कर मिळाले. स्पर्धेतील उरलेले चारही चित्रपट अमेरिकन होते. त्यांत डिस्नेचा एक, तर वॉर्नर ब्रदर्सचे तीन आणि त्यांपैकी दोन चक जोन्स यांचे. हा पुरस्कार १९३२ पासून दिला जात होता आणि तोवर तो अमेरिकेबाहेर गेला नव्हता. आदल्या वर्षीचा विजेता ‘मन्रो’ प्रागमध्ये तयार झाला होता खरा, पण त्याचे दिग्दर्शक आणि निर्माते अमेरिकन होते. दहा वर्षांपूर्वी डिस्नेचे अनुकरण करू पाहणारा आणि ते परवडत नाही म्हणून बंद पडलेल्या स्टुडिओतून बाहेर पडलेला कलावंत, अनुकरण सोडल्यावर डिस्नेच्या अंगणात जिंकला. या घटनेत ‘सुरोगात’च्याच कथेची उलट बाजू दिसते. बदली वस्तू होण्याचे नाकारले तेव्हाच अस्सल काही हाती आले.

यशानंतर वुकोतिच यांना त्याच वळणाचे आणखी चित्रपट काढता आले असते. त्यांनी तसे केले नाही. ‘इग्रा’ (खेळ, १९६२) मध्ये एक मुलगा आणि एक मुलगी, दोन्ही खरीखुरी, कागदावर चित्रे काढत बसली आहेत. चित्रे जिवंत होतात. आधी मैत्री, मग कुरघोडी, मग भांडण, आणि बघता बघता कागदावर युद्ध पेटते. १९६४ च्या ऑस्करसाठी या चित्रपटाला नामांकन मिळाले. इथे माणूस आणि रेषा एकाच चौकटीत समोरासमोर आणली आहेत. युद्ध चित्रांचे आहे, पण त्यामागचा राग खऱ्या मुलांचा आहे. खरे आणि चितारलेले यांच्यातील सीमा मुद्दाम पुसट करणे हा आता त्यांचा घोषित विषय झाला होता. ‘म्र्ल्या ना साव्येस्ती’ (सद्‌सद्विवेकावरचा डाग, १९६८) मध्ये एका जिवंत माणसाचा पाठलाग चितारलेला डाग करतो, तो याच वाटेवर.

त्यानंतर त्यांनी पूर्ण लांबीच्या चित्रपटांकडेही मोर्चा वळवला. ‘सेद्मी कोन्तिनेन्त’ (सातवा खंड, १९६६) मध्ये मोठ्यांच्या दुर्लक्षाला कंटाळलेली मुले स्वतःचे बेट शोधतात. ‘गोस्ती इझ गालाक्सिये’ (दीर्घिकेतील पाहुणे, १९८१) मध्ये विज्ञानकथा लिहिणाऱ्या एका तरुणाची पात्रे प्रत्यक्षात अवतरतात. त्यातील राक्षसाची रचना चेक कलावंत यान श्वांकमायेर यांची होती. या चित्रपटांना लघुपटांची कीर्ती लाभली नाही. दहा मिनिटांत जी कल्पना टोकदार राहते ती दीड तासात पसरते, हे खरे आहे. तरी आपल्या युक्तिवादाच्या दृष्टीने त्यांचे मोल आहे. साधने वाढली, माध्यम बदलले, तरी प्रश्न तोच राहिला. टंचाईनेच वुकोतिच घडवले असते, तर टंचाई संपताच हा ध्यासही संपायला हवा होता.

या चित्रपटांमध्ये ‘आक्सिया स्तादियोन’ (१९७७) वेगळा उठून दिसतो. १९४१ मध्ये, उस्ताशा राजवटीतील झाग्रेबमध्ये, तरुण विद्यार्थ्यांना मैदानात जमवून त्यांतील सर्ब आणि ज्यू मुलांना वेगळे काढण्याचा प्रयत्न झाला, तेव्हा इतर मुलेही त्यांच्या बाजूला जाऊन उभी राहिली. या घटनेवर तो आधारलेला आहे. इथे अॅनिमेशन नाही, फुगवलेले काही नाही. माणसांची प्रतवारी करणाऱ्या एका रेषेला दिलेला नकार तेवढा आहे.

झाग्रेबच्या नाट्य व चित्रपट अकादमीत त्यांनी अध्यापन केले. ते राहत असलेल्या शहरात १९७२ पासून अॅनिमेशनपटांचा आंतरराष्ट्रीय महोत्सव भरू लागला. झ्लात्को ग्रगिच, नेदेल्को द्रागिच, झ्देन्को गाश्पारोविच यांसारख्या कलावंतांनी ही परंपरा आपापल्या वळणाने पुढे नेली. द्रागिच यांच्या ‘तुप-तुप’ (१९७२) या चित्रपटालाही ऑस्करचे नामांकन मिळाले. यांपैकी कोणीही वुकोतिच यांच्यासारखे चित्र काढले नाही, आणि ‘स्कूल’ या शब्दाचा चांगला अर्थ कदाचित हाच असावा.

८ जुलै १९९८ रोजी क्रोएशियातील क्रापिन्स्के तोप्लित्से येथे त्यांचे निधन झाले. तोवर ज्या देशाच्या नावाने त्यांचे चित्रपट जगभर दाखवले गेले होते तो देश युद्धात विरून गेला होता. हर्झेगोव्हिनात जन्मलेले, माँटेनेग्रोच्या घराण्यातले, युगोस्लाव्हियाला पहिले ऑस्कर मिळवून देणारे वुकोतिच आज ‘क्रोएशियन दिग्दर्शक’ म्हणून ओळखले जातात. झाग्रेबमध्ये त्यांनी आयुष्यभर काम केले, त्यामुळे हे नाव चुकीचे नाही. पण इतिहास लिहिताना आपण कलावंतावर अशी जी नावे चढवतो, तीही बऱ्याच अंशी आपल्या हवेने फुगलेली असतात. ‘संप्रदाय’, ‘टंचाई’, ‘राष्ट्र’ हे सर्व शब्द उपयोगी आहेत. त्यांच्याविना इतिहास सांगता येत नाही. मात्र ‘सुरोगात’ पाहिलेल्या वाचकाने ते वापरताना रस्त्यावरच्या त्या खिळ्याची आठवण ठेवावी.